तुझ्या यंत्राची वारंवारता किती?

प्रिय,

अनेक आशीर्वाद.

कथा वाचली. 'सेतुनाद' हे नाव झकास जमलंय. दुसऱ्या मितीतली ऊर्जा अनुनादाने ओढून घ्यायची आणि हवी तिकडे वळवायची, ही कल्पनाही मला मनापासून आवडली. पण नायिका खुंटी पिळते, यंत्र 'योग्य कंपनाला' पोहोचतं आणि क्षणात अमर्याद ऊर्जा धो धो वाहू लागते, तिथे माझा विश्वास उडाला. यंत्र काल्पनिक आहे याची मला अडचण नाही. मिती कितीही कल्पित असू दे. अनुनाद, म्हणजे वस्तूने तिच्या स्वतःच्या तालात आलेल्या रेट्याला जोरात दाद देणं, मात्र खरा आहे, आणि खरा अनुनाद असा वागत नाही.

अनुनाद ऊर्जा निर्माण करत नाही, साठवतो. झोका मागे आल्यावर नेमक्या क्षणी हलकासा रेटा दिला तरी तो उंच जातो, पण ती सगळी उंची रेटा देणाऱ्याच्या दंडातूनच आलेली असते. हवा आणि कड्यांचं घर्षण दर फेरीला आपला वाटा काढून घेतात. येणारं आणि जाणारं सारखं झालं की झोका वाढायचा थांबतो. म्हणून लिहायला बसण्याआधी यंत्राला विचार: रेटा कोण देतंय? गळती कुठे आहे? आणि त्याच तालात आणखी काय काय हलणार आहे? या तिसऱ्या प्रश्नात तुझी खरी कथा दडलेली आहे, असं मला वाटतं.

जमलं तर एकदा मिरजेला जा. सतारमेकरांच्या दुकानात विनंती कर, ते दाखवतील. तरफेच्या, म्हणजे मुख्य तारांखाली आपोआप झणकारणाऱ्या बारीक तारांपैकी, एका तारेवर कागदाचा दुमडलेला चिटोरा ठेवायचा आणि वरच्या तारेवर तोच स्वर छेडायचा. तरफेला कुणी हात लावलेला नसतो, तरी चिटोरा थरथरतो आणि उडून पडतो. आता वरची तार मींडेने जराशी चढवून पुन्हा छेड. चिटोरा जागचा हलत नाही. हा नेमकेपणा तुझ्या यंत्रात यायला हवा. अवमंदन, म्हणजे कंपन विझवणारी गळती, जितकं कमी, तितका अनुनाद जोरकस आणि तितकाच अरुंद. शिवाय असा अनुनाद भरायला वेळ घेतो आणि ओसरायलाही. म्हणजे खुंटी पिळल्यावर दार लगेच उघडणार नाही. आणि उघडलं की बटण बंद करून लगेच मिटणारही नाही. खोलीचं तापमान थोडं वाढलं, धातू किंचित प्रसरण पावला, की सूर निसटला. तुझ्या खलनायकाच्या फौजेपेक्षा या गोष्टीने मला जास्त धास्ती वाटेल.

त्याच तालात हलणाऱ्या गोष्टींचं उदाहरण हवं असेल तर लंडनचा मिलेनियम पूल घे. 10 जून 2000 ला तो पादचाऱ्यांसाठी उघडला आणि गर्दी होताच आडवा डोलू लागला. दोन दिवसांत बंद करावा लागला. गर्दीतल्या कुणाचाही काही दोष नव्हता. पूल जरा हलला की माणूस तोल सावरायला पाय किंचित फाकवून टाकतो, तसे सगळेच टाकू लागले आणि प्रत्येकाचा रेटा पुलाच्या डोलण्याला मिळत गेला. डोलणं शोषून घेणारे सुमारे 90 अवमंदक बसवून तो 2002 मध्ये पुन्हा उघडला. आणि एक कर, कथेतलं अमेरिकेतल्या टॅकोमा पुलाचं वाक्य काढून टाक. 7 नोव्हेंबर 1940 ला तो कोसळला तो साध्या अनुनादाने नाही; वारा आणि पुलाचं पिळवटणं एकमेकांना खतपाणी घालत गेले. पाठ्यपुस्तकांतून ही चूक इतकी फिरली आहे की जाणकार वाचक तिथेच अंक मिटतो.

आता मिती. तुला वाटतं तितकी ही जागा मोकळी नाही, आणि तेच तुझ्या फायद्याचं आहे. कालुझा या शास्त्रज्ञाने 1921 मध्ये पाचवी मिती मांडली. 1926 मध्ये क्लाइन या भौतिकशास्त्रज्ञाने सांगितलं की ती इवल्याशा वर्तुळासारखी गुंडाळलेली असावी. त्या वर्तुळात लाट बसायची तर पूर्ण संख्येनेच बसेल: एक, दोन, तीन, अडीच नाही. म्हणजे मितीला स्वतःचे ठरलेले सूर आले! वर्तुळ जितकं लहान, तितकी त्या सुराची ऊर्जा प्रचंड. तुझ्या नायिकेच्या खुंटीला आता काहीतरी जुळवायला मिळालं, आणि ते भलतंच अवघड आहे.

यावर मोजमापंही झाली आहेत. 1999 मध्ये लिसा रँडल आणि रामन सुंद्रम या भौतिकशास्त्रज्ञांनी अशी मांडणी केली की बाकी सगळं आपल्या मितींत अडकलेलं असेल, पण गुरुत्व जादा मितीत पसरू शकेल. तसं मोठ्या अंतरावर होत असेल तर दुरून येणारी गुरुत्वीय लहर, म्हणजे अवकाशाच्याच ताणण्या-आकसण्याची लाट, वाटेत गळून अपेक्षेपेक्षा क्षीण पोहोचायला हवी. 17 ऑगस्ट 2017 ला सुमारे 13 कोटी प्रकाशवर्षांवरच्या दोन न्यूट्रॉन ताऱ्यांच्या टकरीची लहर आली, आणि तिच्या मागोमाग प्रकाशही. दोन्हींवरून काढलेलं अंतर जुळलं. गळतीची खूण दिसली नाही. त्यामुळे तुझ्या यंत्राला मोठ्या गळतीवर जगता येणार नाही. गळती असलीच तर मोजमापात न सापडण्याइतकी बारीक, एवढ्यावरच त्याला भागवावं लागेल.

ती लहर टिपणाऱ्या लायगोच्या वेधशाळांतला एक तपशील तुझ्यासाठी राखून ठेवला होता. तिथले 40 किलोचे आरसे काचेच्या, अर्ध्या मिलिमीटरहूनही बारीक तंतूंवर टांगलेले असतात. हे तंतू स्वतःच वाजतात, सेकंदाला साधारण 500 कंपनांनी, आणि नेमक्या त्या सुराला ती वेधशाळा जवळजवळ बहिरी असते. बाहेरून तोच सूर आला तर कळायचं कसं, बाहेरचा कुठला आणि आपला कुठला? हा प्रश्न तुझ्या नायिकेपुढे टाक आणि तिला लगेच उत्तर देऊ नकोस.

आणि कथा अंटार्क्टिकाच्या गुप्त तळावर कशाला नेलीस? लायगोची भारतातली वेधशाळा हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ होते आहे, 4 किलोमीटरच्या दोन भुजांची. तुझं आजोळ वसमतला. तिथली उन्हाळ्यातली दुपार, हळदीचा बाजार, रस्त्यावरून जाणाऱ्या ट्रकचा जमिनीतून येणारा हादरा हे तुला ठाऊक आहे. अंटार्क्टिकाची थंडी तू वाचून लिहिली आहेस, ते दिसतं. ट्रकचा तो हादरा यंत्रापर्यंत पोहोचू दे.

शेवटचं युद्ध संपूर्ण काढ. त्याजागी नायिका यंत्र बंद करते आणि ते बंद व्हायला वेळ लागतो, एवढाच प्रसंग सावकाश लिही. दिवाळी अंकाला द्यायची असेल तर नवा खर्डा आषाढीच्या आत माझ्याकडे पाठव, म्हणजे आकडे तपासून परत करायला मला सवड मिळेल. आणि पहिल्याच पानावर यंत्राची वारंवारता लिही, एककासह.

तुझा,
काका