विद्यार्थ्यांकडून विकिपीडियाचे लेख भाषांतरित करून घ्यायचे असतील तर आधी एकच परिच्छेद द्या

मॅडम, तुमचा बेत मला समजला तो असा: तृतीय वर्षाचे ३४ विद्यार्थी, प्रत्येकाने इंग्लिश विकिपीडियावरचा एक लेख मराठीत आणायचा, सत्र संपायच्या आत मराठी विकिपीडियावर टाकायचा, त्याला २० गुण. जमेल का आणि गुण नेमके कशाला द्यायचे, हा तुमचा प्रश्न. जमेल. पण अख्खा लेख देऊ नका, आणि लेख प्रकाशित झाला की नाही याला एकही गुण ठेवू नका. अशा दोन वर्गांना मी मदत केली आहे. पहिल्या खेपेला आमचं सगळं फसलं, म्हणून जरा ठासून सांगतोय.

मुदत शनिवारची होती. शुक्रवारी रात्री दहा ते दोनच्या दरम्यान धडाधड लेख यायला लागले, जवळजवळ सगळे भाषांतर करणाऱ्या मशीनमधून काढून तसेच चिकटवलेले. मराठी विकिपीडियाची देखरेख करणारे आपले प्रचालक म्हणजे नोकरीधंदा सांभाळून फुकट राबणारी मोजकी माणसं. सकाळी उठून त्यांनी बहुतेक पानांवर 'पानकाढा' साचा, म्हणजे हे पान काढून टाका अशी पाटी, लावला. मुलं रडकुंडीला आली, त्यांचे सर आमच्यावर चिडले, आम्ही सरांवर. भाषांतर कुणीच शिकलं नाही. मोठ्या प्रमाणावरही असं घडून गेलंय: २०११ साली पुण्यातल्या महाविद्यालयांतून इंग्लिश विकिपीडियावर लिहायचा उपक्रम झाला होता, तिथे इकडून तिकडून उचललेला मजकूर इतका आला की उपक्रमच आवरता घ्यावा लागला.

दुसऱ्या खेपेला आम्ही सगळ्या वर्गाला एकच परिच्छेद दिला, सुएझ कालव्यावरचा. मशीन वापरायला उघड परवानगी दिली (नाही म्हटलं तरी वापरतातच), फक्त मशीनचा मसुदा वहीत डावीकडे आणि स्वतःचा उजवीकडे लिहायचा. मशीनचं पहिलं वाक्य होतं: 'सुएझ कालवा हा इजिप्तमधील एक कृत्रिम समुद्र-पातळी जलमार्ग आहे, जो भूमध्य समुद्राला लाल समुद्राशी जोडतो आणि आफ्रिका व आशियाला विभाजित करतो.' व्याकरणात चूक काढता येत नाही, आणि मराठी माणूस असं बोलतही नाही. 'लाल समुद्र' नव्हे, आपल्या भूगोलात तो तांबडा समुद्र, हे दोघातिघांना आठवलं. 'जो' काढून वाक्य तोडायला मात्र अर्धा तास गेला. शेवटी फळ्यावर उरलं ते असं: 'सुएझ कालवा इजिप्तमध्ये आहे. सुएझची संयोगभूमी खणून तो काढला आणि भूमध्य समुद्र व तांबडा समुद्र एकमेकांना जोडले गेले.'

खरी मजा पुढच्या वाक्याला आली. मूळ इंग्लिशमध्ये 'lock' हा शब्द होता, आणि मशीनने लिहिलं होतं, 'कालव्यात कोणतेही कुलूप नाही.' निम्म्या वर्गाने ते तसंच उतरवलं. मी विचारलं, कालव्याला कुलूप लावतात कुठे? हशा पिकला. मग हा 'lock' म्हणजे काय ते कळावं म्हणून पनामा कालव्याची चित्रं दाखवली: दरवाजे बंद करायचे, मधल्या कप्प्यात पाणी भरायचं, जहाज वर उचलायचं. मराठी विश्वकोशात शोधल्यावर 'जलपाश' सापडलं. शब्द सापडला, पण मोबाइलवर लेख वाचणाऱ्या दहावीच्या पोराला तो कळणार का? एका मुलीने लिहिलं, 'दोन्ही समुद्रांच्या पातळीत फारसा फरक नसल्यामुळे जहाजं वर-खाली करणारे जलपाश या कालव्याला लागत नाहीत.' त्यावर मागच्या बाकावरून आक्षेप: हे मूळ इंग्लिश वाक्यात नाहीये! मग वाद. भाषांतरकाराने किती उलगडायचं, आणि उलगडलं तर त्याला संदर्भ कुठला द्यायचा? एका शब्दावर अख्खा तास गेला, आणि माझ्या मते त्या सत्रातला तोच सगळ्यात चांगला तास.

पाठ्यपुस्तकातल्या उताऱ्यावर हे होत नाही, कारण तिथे मूळ मजकूर म्हणजे ब्रह्मवाक्य. विकिपीडियाचा लेख आज एक असतो, उद्या वेगळा. म्हणून लेखाच्या 'इतिहास' या पानावरून (तिथे जुन्या आवृत्त्या असतात) त्या दिवशीच्या आवृत्तीचा दुवा घेऊन सगळ्यांना तोच द्या, नाहीतर तपासताना तुमचाच गोंधळ होईल. आणि मूळ लेख तपासायलाही लावा. आमच्यातल्या एकाला लेखात कालव्याची लांबी १९३ किमी दिसली आणि घरातल्या जुन्या पुस्तकात १६० च्या आसपास. चूक कुणाचीच नव्हती. १८६९ मध्ये कालवा खुला झाला तेव्हा तो १६४ किमी होता, पुढे वाढवत नेला. त्याने दोन्ही आकडे काळासकट लिहिले. असं भाषांतर मशीनकडून येत नाही.

गुणांचं म्हणाल तर मी अंतिम मजकुराला पाचच ठेवीन. बाकीचे वहीतल्या डाव्या-उजव्या रकान्यांना, आणि 'मी इथे असं का केलं' या दीड पानी टिपणाला. पान कुणी उडवलं किंवा पूर्ण बदललं तरी गुण कापायचे नाहीत. चर्चापानावर त्यावर शांतपणे उत्तर दिलं तर उलट एखादा वाढवा.

आता किरकोळ पण आयत्या वेळी नडणाऱ्या गोष्टी. एका अंकपत्त्यावरून (आयपी ॲड्रेस, म्हणजे इंटरनेट जोडणीचा क्रमांक) दिवसाला सहाच नवी खाती उघडता येतात, त्यामुळे संगणक कक्षात ३४ जणांना बसवलंत तर सातव्यापासून सगळे अडकतील. खाती आधीच घरून, आपापल्या मोबाइलच्या डेटावर उघडायला सांगा. लिखाण प्रत्येकाच्या धूळपाटीवर, म्हणजे विकिपीडियावरच्या सरावाच्या पानावर, करा, चांगलं उतरेल तेवढंच प्रत्यक्ष लेखात न्या. चावडीवर, म्हणजे मराठी विकिपीडियाच्या सार्वजनिक चर्चेच्या पानावर, पंधरा दिवस आधी कळवा, म्हणजे प्रचालकांना धक्का बसणार नाही. हाताने भाषांतर केलं तर संपादन सारांशात (बदल जतन करताना लिहायच्या ओळीत) मूळ लेखाचा दुवा द्यावाच लागतो, विकिपीडियाच्या परवान्याची ती अट आहे; विकिपीडियाचं भाषांतराचं साधन वापरलं तर ती नोंद आपोआप होते. विश्वकोशातून आणि भाषा संचालनालयाच्या परिभाषा कोशांतून शब्द घ्या, वाक्यं उचलू नका. मराठीतून इंग्लिशमध्ये न्यायचा विचार या वर्षी तरी सोडा: तिथे ते साधन वापरून थेट प्रकाशित करायला ५०० संपादनं आणि ३० दिवस जुनं खातं लागतं.

विषय मुलांवर सोडलेत तर ३४ पैकी वीस जण क्रिकेटपटू आणि नट निवडतील. ती पानं बहुधा आधीच असतात. त्यापेक्षा त्यांच्या दुसऱ्या विषयांतलं काही द्या, भूगोलवाल्यांना नद्या-खिंडी, अर्थशास्त्रवाल्यांना त्यांच्या संज्ञा. यादी झाली की इथे टाका, कुठली पानं मराठीत आहेत ते मी बघून सांगतो. आणि मुदत परीक्षेचे फॉर्म भरायच्या आठवड्यात ठेवू नका.