वाचक विचारतात : सायबर सुरक्षेवरचा खर्च वाढतोय, पण पैसा जातो कुठे?

मागच्या अंकात मी सहज एक वाक्य लिहून गेलो होतो, की २०२५ मध्ये जगभरात सायबर सुरक्षेवर साधारण २१३ अब्ज डॉलर खर्च होतील असा गार्टनर या संशोधन कंपनीचा अंदाज आहे, म्हणजे आपल्या पैशात अठरा लाख कोटींच्या आसपास, आणि एवढं करूनही चोऱ्या काही कमी होत नाहीयेत. त्यावर इतके मेल आले की या महिन्यात दुसरा विषय घेताच आला नाही. बहुतेकांचं म्हणणं एकच, हा खर्च शेवटी आमच्याच खिशातून जातोय, तर तो बरोबर ठिकाणी होतोय का ते सांगा. जमेल तेवढं सांगतो.

आमच्या नागरी सहकारी बँकेच्या वार्षिक अहवालात संगणक आणि सायबर सुरक्षेवरचा खर्च दोन वर्षांत जवळजवळ दुप्पट दाखवलाय आणि लाभांश मात्र कमी केलाय. सभेत विचारलं तर चेअरमन म्हणाले रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. खरंच नियम आहे का नुसती पळवाट? – एक सभासद, इचलकरंजी

नियम खरा आहे, पळवाटही असू शकते, दोन्ही एकाच वेळी.

नियम आला कुठून ते आधी बघू, कारण त्याची सुरुवात आपल्या पुण्यातूनच झाली म्हणायला हरकत नाही. ११ ऑगस्ट २०१८, शनिवार. कॉसमॉस बँकेची बनावट कार्डं घेऊन २८ देशांतल्या एटीएममधून लोक एकाच दिवशी पैसे काढत होते, भारतातही काढले, अगदी कोल्हापुरातसुद्धा. मग सोमवारी १३ तारखेला स्विफ्टवरून (बँका परदेशात पैसे पाठवायचे निरोप ज्यावरून देतात ते जाळं) आणखी १३ कोटी ९२ लाख हाँगकाँगच्या एका खात्यात गेले. एकूण ९४ कोटींवर रक्कम. आता गंमत बघा (गंमत कसली, पण तरी), आपण कार्ड घातलं की एटीएम बँकेच्या स्विचला विचारतं की याच्या खात्यात पैसे आहेत का, देऊ का, आणि स्विच ते पुढे कोअर बँकिंगला, म्हणजे खात्यांचा मुख्य हिशोब ठेवणाऱ्या सिस्टिमला विचारतो. चोरांनी मधेच स्वतःचा खोटा स्विच बसवला होता आणि तो प्रत्येक प्रश्नाला हो दे, हो दे म्हणत होता, खऱ्या सिस्टिमपर्यंत प्रश्न पोचतच नव्हता, त्यामुळे खातेदारांच्या शिल्लकीला धक्का लागला नाही, गेले ते बँकेचे पैसे. पाच वर्षांनी, एप्रिल २०२३ मध्ये पुण्याच्या कोर्टाने ११ जणांना शिक्षा केली, ते बहुतेक पैसे काढायला पाठवलेले लोक, डोकं कुणाचं होतं ते वेगळंच.

चोरी झाली त्याच वर्षी, २०१८ च्या ऑक्टोबरमध्ये रिझर्व्ह बँकेने नागरी बँकांसाठी सायबर सुरक्षेची किमान चौकट आणली आणि ३१ डिसेंबर २०१९ ला चार पायऱ्यांची सविस्तर. तुमची बँक नुसतं पासबुक छापून देत असेल तर पहिली पायरी, मोबाईल बँकिंग असेल तर पुढची, स्वतःचा एटीएम स्विच किंवा स्विफ्ट असेल तर अजून वरची, आणि सगळ्यात वरच्या पायरीला तर चोवीस तास नजर ठेवणारं केंद्र पाहिजे. म्हणजे चेअरमन साहेबांनी ॲप सुरू केलं, सभेत टाळ्या घेतल्या, की त्याबरोबर खर्चाची पायरी पण चढली. (तुमची पतसंस्था असती तर हे नियम लागूच झाले नसते, ती सहकार खात्याखाली येते, आणि खरं सांगू का मला काळजी त्यांचीच जास्त वाटते.)

आता पळवाटीचं. लहान बँका सगळी यंत्रणा स्वतः चालवत नाहीत, बाहेरच्या कंपनीकडे देतात. ३१ जुलै २०२४ ला अशाच एका कंपनीवर, सी-एज टेक्नॉलॉजीजवर, रॅन्समवेअरचा (सगळं लॉक करून खंडणी मागणाऱ्या प्रोग्रॅमचा) हल्ला झाला आणि यूपीआय चालवणाऱ्या एनपीसीआयने तिला आपल्या जाळ्यापासून तोडलं, तर जवळजवळ ३०० लहान बँकांचे यूपीआय आणि एटीएम एकदम बंद, दुसऱ्या दिवशी सुरू झाले. त्या बँकांनी स्वतःच्या ऑफिसात कितीही भारी फायरवॉल बसवली असती तरी काही उपयोग नव्हता, दार दुसऱ्याच्या घराचं उघडं होतं.

म्हणून पुढच्या सभेत ‘किती खर्च केला’ हे विचारू नका, त्यावर उत्तर तयार असतं. विचारा की शनिवारी रात्री दोन वाजता धोक्याची सूचना आली तर फोन कोण उचलतं, त्याचं नाव सांगा. बॅकअपमधून सगळी बँक परत उभी करून बघितली का, शेवटची कधी. मागच्या ऑडिटमधले किती मुद्दे अजून तसेच पडलेत. मी काही वर्षं अशी ऑडिटं केलीत, आणि एका ठिकाणी लाखो रुपयांचं यंत्र खोक्यात, वर सुतळीसकट बघितलंय, वॉरंटी अर्धी संपलेली. बिल मात्र वेळेत पास झालं होतं. असं असेल तर लाभांश कमी केल्याचा राग यायलाच पाहिजे, नाहीतर नको.

चाकणला माझा छोटा प्रेस शॉप (पत्र्याचे पार्ट बनवतो) आहे, ३५ कामगार. मोठ्या गिऱ्हाइकाने सायबर सुरक्षेचा भला मोठा फॉर्म पाठवलाय, भरला नाही तर ऑर्डर बंद. एक कन्सल्टंट सर्टिफिकेटसकट सहा लाख सांगतोय. सर, एवढं लागतं का हो? आमच्याकडून कोण काय चोरणार? – वाचक, पिंपरी

चोरायला नाही येत, कुलूप लावायला येतात. तुमची टॅली, तुमची ड्रॉइंग्ज, सगळं लॉक करून ठेवतात आणि किल्लीचे पैसे मागतात, डेटा त्यांच्या कामाचा नसला तरी चालतं, तुमच्या कामाचा असला की पुरे.

आणि गिऱ्हाईक घाबरलंय त्याला कारण आहे. टाटांच्या जग्वार लँड रोव्हरवर २०२५ च्या ऑगस्टअखेर हल्ला झाला, ब्रिटनमधले कारखाने महिनाभरापेक्षा जास्त बंद राहिले, तिथल्या सरकारला दीड अब्ज पौंडाच्या कर्जाची हमी द्यावी लागली, आणि देशाचं एकूण नुकसान १.९ अब्ज पौंड असा तिथल्या सायबर मॉनिटरिंग सेंटरचा अंदाज आहे. त्यात सगळ्यात आधी मेले ते कंपनीला पार्ट देणारे तुमच्यासारखे छोटे सप्लायर, चूक त्यांची नसताना. आता प्रत्येक मोठी कंपनी तो फॉर्म खाली ढकलतेय.

सहा लाखाला हो म्हणायच्या आधी फॉर्म नीट वाचा. बऱ्याच वेळा त्यात सर्टिफिकेट पाहिजेच असं नसतं, ‘आहे का’ एवढंच विचारलेलं असतं, ‘नाही, पण हे हे करतो’ असं लिहिलं तरी चालतं. गिऱ्हाइकाच्या पर्चेसवाल्याला सरळ फोन करून विचारा ना, कन्सल्टंट हे तुम्हाला सांगणार नाही.

खरं काम त्यापेक्षा स्वस्त आहे आणि कंटाळवाणं आहे. भोसरीतल्या एका वर्कशॉपला मी मदतीला गेलो होतो, तिथे अकाउंटंटला घरून टॅली दिसावी म्हणून रिमोट डेस्कटॉप इंटरनेटवर उघडा ठेवलेला, पासवर्ड काय तर कंपनीचं नाव आणि १२३. बॅकअप होता, रोज होत होता, पण त्याच सर्व्हरला कायम लावून ठेवलेल्या हार्ड डिस्कवर, त्यामुळे तोही लॉक झाला. गणपतीच्या आधीचा आठवडा, डिस्पॅच बंद, चलनं वहीवर लिहितायत. दोन हजारांची दुसरी हार्ड डिस्क घेऊन रोज संध्याकाळी काढून कपाटात ठेवली असती तर एका दिवसात उभे राहिले असते.

ही गोष्ट जगातल्या मोठ्यातल्या मोठ्या कंपनीलाही लागू पडते बरं का. २०१७ च्या जूनमध्ये नॉटपेट्या नावाचा, कॉम्प्युटर पुसून टाकणारा व्हायरस आला तेव्हा मर्स्क या शिपिंग कंपनीच्या यंत्रणा जगभर आडव्या झाल्या, आपल्या जेएनपीटीमधलं त्यांचं टर्मिनल पण ठप्प झालं, बाहेर कंटेनर अडकून पडले. कंपनीला २५ ते ३० कोटी डॉलरचा फटका बसला. त्यांच्या नेटवर्कची मुख्य नोंद ठेवणारे सगळे सर्व्हर पुसले गेले होते, एक सोडून, घानामधला, कारण हल्ल्याच्या वेळी तिथे लाईट गेली होती म्हणून तो बंद होता! त्या एकावरून बाकीचं परत उभं केलं. लोडशेडिंगने कुणाचं भलं झाल्याचं हे एकच उदाहरण मला माहितीये.

तर हार्ड डिस्क दोन घ्या, आलटून पालटून, एक कायम तारेपासून लांब. ईमेलला पासवर्डच्या जोडीला ओटीपी किंवा ॲपचा कोड लावा. आणि ‘आमचं बँक खातं बदललंय, पेमेंट या नव्या खात्यात करा’ असा सप्लायरचा मेल आला की मेलला उत्तर न देता जुन्या नंबरवर फोन करायचा, अकाउंटंटला हे भिंतीवर लिहून द्या. कंपन्यांचे मोठे पैसे जातात ते बऱ्याचदा याच साध्या मेलने, कुठलंही हॅकिंग न करता.

इन्शुरन्सबद्दल विचारलं नाहीत पण सांगतो, घ्यायचा तर अपवाद वाचून घ्या. मर्क या औषध कंपनीला त्याच नॉटपेट्यासाठी विमा कंपन्यांशी कित्येक वर्षं कोर्टात भांडावं लागलं, का तर म्हणे हा युद्धाचा प्रकार आहे, युद्धाची भरपाई नसते.

आमच्या ऑफिसात दर ३० दिवसांनी पासवर्ड बदलायला लावतात. यामागे काही शास्त्र आहे का छळ? – आयटीवाल्यांना वैतागलेली, ठाणे

छळ. अमेरिकेच्या निस्टने (तिथली मानकं ठरवणारी सरकारी संस्था) २०१७ मध्येच सांगितलं की उगाच ठरावीक दिवसांनी पासवर्ड बदलायला लावू नका, फुटल्याचा संशय आला तरच बदला, कारण माणसं मग शेवटचा आकडा फक्त वाढवतात. तुम्ही पण तेच करताय, मला माहितीये.

महाराष्ट्र सरकारने सायबरवर ८०० कोटींच्या वर खर्च केला म्हणतात. माझ्या भावाचे पावणेदोन लाख गेले, त्याचा काहीच पत्ता नाही. मग हे पैसे कशाला? – वाचक, नागपूर

तुमचा राग समजतो. प्रकल्प ८३७ कोटींचा, २०२३ ला मंत्रिमंडळाने मंजूर केला, नवी मुंबईत महापेला महाराष्ट्र सायबरचं, म्हणजे राज्याच्या सायबर गुन्हे विभागाचं केंद्र उभं राहिलं, १९४५ ही हेल्पलाईन सुरू झाली. दुसऱ्या बाजूचा आकडा पण बघा, देशात २०२४ मध्ये तक्रारींनुसार २२,८४५ कोटी गेले, २०२३ मध्ये तोच आकडा ७,४६५ कोटी होता. एका वर्षात तिप्पट. चोर ज्या वेगाने वाढतायत त्या वेगाने सरकारी टेंडर निघत नाही.

मशीन आणि इमारत लवकर उभी राहते, तपास करणारा माणूस उभा राहायला वर्षं लागतात. तालुक्याच्या पोलीस ठाण्यात गेलात तर अजूनही ‘इथे नाही, सायबरला जा’ असं ऐकायला मिळतं, माझ्या ओळखीतल्या दोघांना मिळालंय. माझं मत विचाराल तर पुढचे १०० कोटी यंत्रावर न घालता प्रत्येक ठाण्यात एक शिकलेला हवालदार बसवण्यावर घाला.

भावाच्या बाबतीत विचारा की तक्रार किती वेळाने केली. पैसे एका खात्यातून दुसऱ्या, तिथून चार खात्यांत असे मिनिटांत पळतात, १९३० या देशभरच्या सायबर फसवणूक हेल्पलाईनला पहिल्या तासात फोन गेला तर मधल्या एखाद्या खात्यात गोठवता येतात, दोन दिवसांनी गेला तर कोण काय करणार. तक्रार क्रमांक असेल तर गोठवलेली काही रक्कम आहे का ते बँकेला लेखी विचारा, असली तर ती परत मिळवायला कोर्टाचा आदेश लागू शकतो आणि हे आपणहून कुणी सांगत नाही.

मोबाईलवर सारखं येतं, तुमच्या फोनमध्ये १३ व्हायरस आहेत. शेजारचा दुकानदार १२०० रुपयांचं अँटिव्हायरस घ्या म्हणतो, मुलगा कॅनडात असतो तो म्हणतो काही लागत नाही. मी काय करू बाळ? – निवृत्त शिक्षिका, वय ७१, सातारा जिल्हा

काकू, मुलाचं ऐका, निदान यावेळी.

ते १३ व्हायरस ही जाहिरात आहे. कधीतरी एखाद्या साईटला ‘सूचना पाठवू का’ यावर चुकून हो म्हटलं गेलंय. क्रोमच्या सेटिंगमध्ये नोटिफिकेशनमध्ये जाऊन ती साईट बंद करा, नाहीतर नातवाला व्हिडिओ कॉलवर दाखवा, दोन मिनिटांचं काम आहे. फोनमध्ये गुगलचं आणि विंडोजच्या कॉम्प्युटरमध्ये मायक्रोसॉफ्टचं संरक्षण आधीच असतं, फुकट.

अँटिव्हायरसला नावं ठेवत नाहीये हां, तुमच्याच जिल्ह्यातल्या रहिमतपूरचे कैलास काटकर, पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्त करता करता धाकट्या भावाबरोबर क्विक हील उभी केली, २०१६ ला कंपनी शेअर बाजारात गेली. त्या काळी फ्लॉपीतून व्हायरस यायचे, तेव्हा ते लागायचंच. आता चोर फोन करतो आणि आपण स्वतःच दार उघडतो, त्याला कुठलं सॉफ्टवेअर अडवणार.

ते १२०० रुपये ठेवा, आणि फोन इतका जुना झाला असेल की अपडेट यायचे बंद झालेत, तर नव्या फोनच्या पैशात घाला. पेन्शनच्या खात्यावर यूपीआय ठेवू नका, दुसरं छोटं खातं काढून त्यात चार-पाच हजार, भाजी-दूध तेवढ्यावर. व्हॉट्सॲपवर लग्नाची पत्रिका किंवा गाडीचं चलन म्हणून फाईल आली आणि शेवटी एपीके (म्हणजे फोनमध्ये ॲप बसवणारी फाईल) असं लिहिलेलं दिसलं तर उघडायची नाही, पत्रिका कितीही जवळच्या माणसाची असो. पोलीस व्हिडिओ कॉलवर अटक करत नाहीत, तसा फोन आला तर ठेवून द्या, उद्धटपणा वाटला तरी चालेल.

आणि तरीही खात्यातून काही गेलंच तर लाजून गप्प बसू नका, आधी १९३० आणि मग बँक, त्याच दिवशी. तुमची चूक नसताना पैसे गेले आणि तीन कामकाजाच्या दिवसांत बँकेला कळवलं तर २०१७ पासूनच्या रिझर्व्ह बँकेच्या नियमांप्रमाणे नुकसान बँकेने सोसायचं असतं, ओटीपी आपणच सांगितला असेल तर मात्र कळवेपर्यंतचं नुकसान आपल्याच माथी. हे दोन नंबर, १९३० आणि १९४५, कॅलेंडरवर दूधवाल्याच्या हिशोबाशेजारी लिहून ठेवा, मोबाईलमध्ये नको, गडबडीत मोबाईलमध्ये काही सापडत नाही.