हात हलवून पोट भरतं का?

प्रश्न : माझी मुलगी चोवीस वर्षांची आहे. पियानो शिकली, आता म्हणते अठरा जणांचा जॅझ वाद्यवृंद काढायचा आणि त्याच्यासाठी संगीत लिहायचं. आदर्श कोण, तर अमेरिकेतल्या मारिया श्नायडर. मी व्हिडिओ पाहिला. त्या बाई एकही वाद्य वाजवत नाहीत, नुसत्या पुढे उभ्या राहून हात हलवतात. यावर पोट भरतं का, एवढंच सांगा. – अ. वि., सांगली

उत्तर : तुमच्या पत्रातला ‘नुसत्या’ हा शब्द मला जरा लागला. माझी तीस वर्षं तर त्याहून न दिसणाऱ्या कामात गेली. मी मुंबईत सिनेमाच्या रेकॉर्डिंगसाठी कॉपीइस्ट होतो. धोबीतलावच्या एका गोवेकर मास्तरांकडे स्टाफ नोटेशन, म्हणजे पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी, शिकलो आणि त्यावरच घर चालवलं. अरेंजर मोठ्या कागदावर सगळ्या वाद्यांचं एकत्र लिहून देतो, त्यातून प्रत्येक वादकाचा वेगळा पार्ट काढायचा, हे कॉपीइस्टचं काम. ऐकायला कारकुनी वाटतं. पण कागदावरचा सी प्रत्येक वाद्यातून सीच वाजतो असं नाही : पियानोवरचा सी हा सूर ऑल्टो सॅक्सोफोनकडून हवा असेल, तर त्याच्या कागदावर ए लिहावा लागतो. ट्रम्पेटच्या कागदावर डी आणि ट्रॉम्बोनच्या कागदावर सी तसाच. एकदा रात्री तीनला, डोळे मिटत असताना, मी ऑल्टोचा अख्खा पार्ट पियानोच्याच सुरात उतरवला. सकाळी चाळीस माणसं बसलेली, पहिला टेक सुरू झाला आणि सगळ्यांच्या ‘सा’वर ऑल्टो कोमल गंधार घेऊन उभा! कोणी ओरडलं नाही. अरेंजरनं फक्त घड्याळाकडे पाहिलं. ते आजही आठवलं की कान तापतात.

हे पुराण अशासाठी, की श्नायडरबाईंची सुरुवातही याच कामातून झाली. मिनेसोटातल्या विंडम या छोट्या शेतकरी गावात १९६० साली त्यांचा जन्म. शिकागोहून तिथे येऊन राहिलेल्या एव्हलिन बटलर या बाईंकडे त्या पियानो शिकल्या. मग मिनेसोटा विद्यापीठ, पुढे ईस्टमन स्कूल ऑफ म्युझिकमधून पदव्युत्तर पदवी आणि १९८५ मध्ये न्यूयॉर्क. तिथे नोटेशन उतरवण्याची कामं करता करता त्या गिल एव्हान्सपर्यंत पोचल्या. माइल्स डेव्हिसच्या ट्रम्पेटभोवती ज्यांनी वाद्यांचं ते धुक्यासारखं वेटोळं विणलं, तेच हे अरेंजर गिल एव्हान्स. १९८८ मध्ये ते गेले, तोवर बाई त्यांच्या मदतनीस होत्या. त्याच काळात जॅझ संगीतकार बॉब ब्रुकमायरकडे त्यांचं शिक्षणही चालू होतं, तेही सरकारी अनुदानावर. तुमच्या मुलीला सांगा, थोरांच्या हाताखाली कागद लिहिण्यात कमीपणा नाही. दुसऱ्याचं संगीत ओळीनं उतरवताना ते कसं बांधलंय हे जेवढं कळतं, तेवढं ऐकून कळत नाही. मी नाही झालो संगीतकार, तो दोष माझा.

आता हातांबद्दल. बिग बँडमध्ये साधारण पाच सॅक्सोफोन, चार ट्रम्पेट, चार ट्रॉम्बोन, शिवाय पियानो, गिटार, बेस, ड्रम्स. झाले सतरा. बाईंच्या वृंदात बहुधा अकॉर्डियनही असतो, म्हणजे अठरा. सॅक्सोफोनवाले मध्येच बासरी किंवा क्लॅरिनेट उचलतात, ट्रम्पेटवाले फ्लुगलहॉर्न घेतात, म्हणजे रंगांची पेटी दुप्पट होते. कुठल्या क्षणी कुठले चार रंग मिसळायचे, हे आधीच कागदावर ठरलेलं असतं. तुम्ही पाहिलेत ते हात येईपर्यंत नव्वद टक्के काम संपलेलं असतं. उरलेलं दहा टक्के म्हणजे एखादा वादक एकट्यानं रंगात आला की मागच्या सगळ्यांना त्याच्या श्वासाबरोबर न्यायचं. आपल्याकडे तबलजी गवयाच्या तोंडाकडे बघत असतो ना, तसं. फक्त इथे तबलजी सतरा.

पोटाचं सांगतो, कारण तुम्ही तेवढंच विचारलंय. निव्वळ वृंदाच्या कार्यक्रमांवर पोट भरत नाही, अमेरिकेतही नाही. १९९३ पासून पाच-एक वर्षं त्यांचा वृंद न्यूयॉर्कच्या ग्रिनिच व्हिलेजमधल्या ‘व्हिजिओन्स’ नावाच्या छोट्या क्लबात दर सोमवारी वाजवायचा. एवढ्याशा क्लबाच्या तिकिटांत अठरा जणांना वाटून काय उरणार? पण तेच संगीत तीच माणसं दर आठवड्याला वाजवत राहिली, ती मिळकत वेगळी. ‘इव्हॅनेसन्स’ हा पहिला अल्बम १९९४ मध्ये आला, तो गिल एव्हान्सना वाहिलेला. पैसा आला तो बाहेरून : दुसऱ्या देशांतल्या वृंदांपुढे पाहुण्या म्हणून उभं राहणं, मागणीवरून नवं संगीत लिहिणं, शिकवणं, स्वतःची स्वरलिपी विकणं. ‘सेरुलियन स्काइज’ ही त्यांची वीस मिनिटांहून मोठी रचना व्हिएन्नातल्या एका महोत्सवासाठी लिहिलेली आहे.

आणि त्यांचा खरा शहाणपणा २००४ चा. ‘कॉन्सर्ट इन द गार्डन’ हा अल्बम त्यांनी कंपनीला दिलाच नाही. ‘आर्टिस्टशेअर’ या संकेतस्थळामार्फत श्रोत्यांकडून आधीच पैसे घेतले, बदल्यात त्यांना रचना कशी घडते ते बघू दिलं, आणि अल्बम फक्त इंटरनेटवरून विकला. दुकानात एक प्रत नाही आणि २००५ मध्ये ग्रॅमी! आजवर सात ग्रॅमी झालेत, पण मला कौतुक आहे ते रेकॉर्डिंगची मालकी स्वतःकडे ठेवल्याचं. आमच्या पिढीतल्या अरेंजरांचं नाव तबकडीवर बहुतेक वेळा यायचंच नाही, मालकी तर लांबच. २०१४ मध्ये बाई अमेरिकन काँग्रेसच्या उपसमितीपुढे जाऊन कॉपीराइटबद्दल साक्ष देऊन आल्या. २०२० चा ‘डेटा लॉर्ड्स’ हा दोन डिस्कचा अल्बम तर याच संतापातून आलाय : एक डिस्क डिजिटल जगाची, दुसरी निसर्गाची. तो पुलित्झरच्या अंतिम यादीत होता.

तेव्हा मुलीला अडवू नका. फक्त एक विचारा : स्वतःच्या रचनेचे पार्ट ती स्वतः काढते का? कॉम्प्युटरवर काढत असली तरी चालेल. ऑल्टोचा तेवढा तपासायला सांगा.

प्रश्न : ब्रिटिश रॉक गायक डेव्हिड बोवीच्या ‘ब्लॅकस्टार’ या शेवटच्या अल्बममधले वादक श्नायडर यांच्या वृंदातले आहेत, असं मित्र म्हणतो. आमची पैज लागली आहे. – रॉ. फ., मडगाव

उत्तर : पैज अर्धी-अर्धी वाटून घ्या. २०१४ मध्ये बोवी आणि बाईंनी मिळून ‘सू’ हे गाणं केलं. त्यातल्या अरेंजमेंटला पुढे ग्रॅमी मिळालं. बोवीला आणखी काम करायचं होतं, पण बाई ‘द थॉम्पसन फील्ड्स’ या अल्बममध्ये गुंतल्या होत्या. त्यांनी आपल्या सॅक्सोफोनवादकाचं, डॉनी मॅकॅस्लिनचं, नाव सुचवलं. बोवी न्यूयॉर्कच्या ‘५५ बार’मध्ये जाऊन त्याला ऐकून आला आणि ‘ब्लॅकस्टार’साठी त्याचीच चौकडी घेतली. शिवाय गिटारवर बेन मॉन्डर, तोही बाईंच्या वृंदातला. म्हणजे सॅक्सोफोनवाला आणि गिटारवाला श्नायडरबाईंचे, बाकीचे मॅकॅस्लिनच्या स्वतःच्या बँडचे. पैजेची फेणी माझ्याकडे पाठवायला हरकत नाही.

मडगावहून पत्र आलं म्हणून आठवलं : ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट गोव्याचेच, आणि सी. रामचंद्रांच्या ‘अलबेला’मध्ये (१९५१) ते आपल्या वृंदासह पडद्यावरही दिसतात. एकदा फक्त मागच्या ट्रम्पेटकडे लक्ष ठेवून तो सिनेमा बघा.

प्रश्न : मी तबला वाजवते. जॅझ कळत नाही. या बाईंचं काय ऐकू? – स्मि., नाशिक

उत्तर : ‘बुलेरिया, सोलेआ इ रुम्बा’. बुलेरिया हा स्पेनमधला फ्लामेंको प्रकार, बाराच मात्रांचा. पण एकतालाचे दोन-दोन डोक्यातून काढून टाका. त्याचे तुकडे तीन, तीन, दोन, दोन, दोन असे पडतात. आधी हातानं टाळी देऊन बघा, मग ऐका.

त्यानंतर वर सांगितलेली ‘सेरुलियन स्काइज’. सुरुवातीला पक्षी बोलतात, ते सगळे वादकच आहेत. आमच्या घरी पहिल्यांदा लावलं तेव्हा बायको स्वयंपाकघरातून उठून गॅलरीची जाळी लावून आली.