सहाव्या रांगेवरचा हत्ती

प्रिय,

तुझं पत्र परवा मिळालं, सोबत बुद्धिबळाच्या त्या डावातल्या चाली लिहिलेली स्कोअरशीटही. पत्र मी एकदा वाचलं, स्कोअरशीट चार वेळा. शेवटच्या फेरीत फक्त अर्धा गुण हवा होता, तोही गेला, तिसरा नॉर्म, म्हणजे किताबासाठी लागणारी ठरावीक दर्जाची स्पर्धेतली कामगिरी, हुकला, आणि आता ग्रँडमास्टर होणं आपल्या नशिबातच नाही असं तू लिहिलं आहेस. स्कोअरशीट काही वेगळंच सांगते, म्हणून आधी तिच्याबद्दल लिहितो.

चाळिसाव्या चालीपर्यंत तुझं अक्षर सुवाच्य आहे आणि प्रत्येक चालीशेजारी उरलेली मिनिटं मांडलेली आहेत. पन्नाशीनंतर अक्षर तिरकं होतं, मिनिटं लिहिणं बंद पडतं. तिथून पुढे तू चालीमागे मिळणाऱ्या तीस सेकंदांवर खेळत होतीस. एकसष्टाव्या चालीला पटावर उरलं होतं काय? तुझ्या प्रतिस्पर्धी मुलीचा राजा, तिचा हत्ती आणि मधल्या पट्टीतलं एक प्यादं, पाचव्या रांगेवर. तुझा राजा त्याच प्याद्यासमोर आठव्या रांगेवर आणि तुझा हत्ती सहाव्या रांगेवर आडवा. तिच्या राजाला पुढे यायला वाटच नव्हती. हा बचाव फिलिडोर या फ्रेंच खेळाडूने अठराव्या शतकात दाखवून ठेवला आहे. हत्ती सहाव्या रांगेवरच इकडून तिकडे फिरवत राहायचा. वाट मिळेना म्हणून तिने प्यादं सहाव्या रांगेवर ढकललं, की तिच्या राजाला लपायला आडोसा उरत नाही. त्याच क्षणी हत्ती पार पहिल्या रांगेवर न्यायचा आणि मागून शह देत सुटायचं. डाव बरोबरीत.

हे तू झोपेतून उठवलं तरी सांगशील. आणि तरीही हत्ती मागे आणून राजाच्या शेजारी आठव्या रांगेवर बसवलास. प्यादं घोड्याच्या पट्टीतलं असतं तर तसा बसूनही डाव वाचला असता, मधल्या प्याद्यासमोर वाचत नाही. राजा उघडा वाटला म्हणून हत्ती त्याच्याजवळ हवासा झाला, एवढंच घडलं. यात नशीब मला कुठेच दिसत नाही. मला दिसतो तो थकवा, घड्याळ आणि हाताला पुरेशी सवय नसलेली एक स्थिती. या तिन्हींवर इलाज आहे.

तुझी चूक छोटी होती असं मी म्हणणार नाही. पण 12 डिसेंबर 2024 ला सिंगापूरमध्ये काय झालं ते आठव. जगज्जेतेपदाचा चौदावा, शेवटचा डाव. आव्हानवीर गुकेश आणि चीनचा जगज्जेता डिंग लिरेन साडेसहा-साडेसहा गुणांवर. डिंगकडे एक प्यादं कमी, पण सगळी प्यादी एकाच बाजूला, दोघांकडे एकेक हत्ती आणि एकेक उंट. ही स्थिती बरोबरीत सोडवता येते. पंचावन्नाव्या चालीला डिंगने हत्ती अशा घरात नेला की हत्तीला हत्ती मारला गेला, मग कोपऱ्यात अडकलेला उंटही मारून घ्यावा लागला आणि राहिला तो प्याद्यांचा हरलेला डाव. जगज्जेता, शेवटचा डाव, अर्धा गुण आणि हत्तीची एक चाल. तुझा डाव पाहताना मला तोच आठवत होता.

त्या दिवशी जिंकलेल्या मुलाचंही ऐक. 2019 च्या जानेवारीत गुकेश ग्रँडमास्टर झाला तेव्हा तो 12 वर्षं, 7 महिने आणि 17 दिवसांचा होता. जगातला सर्वांत लहान ग्रँडमास्टर हा सर्गेई कार्याकिन या खेळाडूचा विक्रम त्याचा अवघ्या 17 दिवसांनी हुकला. पुढे 2021 मध्ये तो विक्रम अभिमन्यू मिश्राने मोडला. आज गुकेशबद्दल बोलताना ते 17 दिवस कुणाच्या तोंडी येत नाहीत. सिंगापूरच्या सामन्याचा पहिला डावसुद्धा तो पांढऱ्या सोंगट्यांनी हरला होता.

आता नॉर्मबद्दल, कारण तुझ्या पत्रात तो शब्द नऊ वेळा आला आहे. नियम तुला माहीत आहेत. 2600 रेटिंगच्या तोडीची कामगिरी असलेले नॉर्म, मिळून किमान 27 डाव, आणि रेटिंग, म्हणजे खेळाची ताकद दाखवणारा आकडा, एकदा तरी 2500. तुझे मिळालेले दोन नॉर्म कुठे जात नाहीत. 2500 ला एकदा पोचलं की पुरे, पुढे रेटिंग घसरलं तरी किताब जन्मभर तुझा. मग घाई कसली?

ही घाई मी भोगली आहे. माझेही दोन नॉर्म झाले होते. त्यानंतरची पाच वर्षं मी प्रत्येक फेरीआधी तक्ता उघडून बसायचो : किती गुण हवेत, समोरच्याचं रेटिंग किती, सरासरी किती होते. बरोबरी पुरेशी दिसली की पंधराव्या चालीला बरोबरी देऊ करायचो. अवघड एंडगेम, म्हणजे थोड्याच सोंगट्या उरलेले शेवटचे टप्पे, वाट्याला येऊच द्यायचे नाहीत अशी खबरदारी घ्यायचो. परिणाम असा की एंडगेम शिकायचे राहिले, आणि तिसरा नॉर्म आलाच नाही. तू त्या रस्त्याने जाऊ नयेस असं मला अगदी मनापासून वाटतं.

त्याऐवजी एक सामना नीट बस आणि बघ. सप्टेंबर 1984, मॉस्को. कार्पोव जगज्जेता, कास्पारोव 21 वर्षांचा आव्हानवीर. आधी सहा डाव जिंकेल तो विजेता, बरोबरीला मोल नाही. नऊ डावांनंतर कार्पोव 4-0. लोकांनी सामना संपल्यात जमा केला. इथे कास्पारोवने जे केलं ते त्याच्या स्वभावाच्या अगदी उलट होतं. हल्ले चढवणारा तो मुलगा बचावाला बसला. ओळीने सतरा डाव बरोबरीत. सत्ताविसावा कार्पोवने जिंकला, 5-0. आता एकच विजय हवा. त्यानंतर एकवीस डाव झाले, पण तो एक विजय कार्पोवला मिळाला नाही. बत्तिसावा कास्पारोवने घेतला, मग पुन्हा चौदा बरोबऱ्या, मग सत्तेचाळिसावा आणि अठ्ठेचाळिसावा सलग. 15 फेब्रुवारी 1985 ला सामना निकालाविना थांबवला गेला तेव्हा 5-3 होते आणि चाळीस डाव बरोबरीत सुटले होते. त्याच वर्षी नव्याने झालेला सामना कास्पारोव 13-11 ने जिंकला. त्याचे हल्ले सगळ्यांना पाठ असतात. मी मात्र शिष्यांना त्या बरोबऱ्याच दाखवतो, कारण हत्ती सहाव्या रांगेवर ठेवून दम धरणं म्हणजे काय ते तिथे दिसतं.

किताब मिळाला की पुढे काय, असंही तू विचारलं आहेस. खरं सांगायचं तर बक्षिसांवर आरामात जगणारे ग्रँडमास्टर थोडेच. बाकीचे संघांकडून लीग खेळतात, शिकवतात, समालोचन करतात, मोठ्या खेळाडूंची तयारी करून देतात. पीटर हेइन नील्सन आधी आनंदच्या आणि नंतर कार्लसनच्या चमूत होता, आणि दोघांच्या जगज्जेतेपदांत त्याचा वाटा आहे. बॉटविनिक विद्युत अभियंता होता आणि तीनदा जगज्जेता झाला. त्यातलं दोनदा तर गमावलेलं पद परत मिळवून. तायमानोव मैफली करणारा पियानोवादक होता. 1971 मध्ये अमेरिकेच्या बॉबी फिशरने त्याला 6-0 असं धुऊन काढलं, तरी पुढची अनेक वर्षं तो खेळत राहिला. तेव्हा शिक्षण सोडायचा विचार आत्ता मनात आणू नकोस. पदवी पूर्ण कर, स्पर्धा कमी आणि निवडून खेळ, आणि दोन वर्षांनी आपण पुन्हा बसून ठरवू.

आणखी एक. ज्युडित पोल्गार 1991 मध्ये ग्रँडमास्टर झाली तेव्हा तिने फिशरचा विक्रम मोडला होता, आणि पुढे ती जगातल्या पहिल्या दहांत गेली. दिव्या देशमुख 2025 मध्ये जॉर्जियातल्या बाटुमीला गेली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. महिलांचा विश्वचषक जिंकला आणि किताब थेट मिळाला. तूही तसाच चमत्कार करावास म्हणून हे सांगत नाही. तक्ता बघत बसली असती तर तिला त्या स्पर्धेत किताब दिसलाच नसता, एवढ्यासाठी सांगतो.

कोर्चनॉय दोनदा जगज्जेतेपदाच्या सामन्यात कार्पोवकडून हरला. 1978 ला 2-5 वरून 5-5 पर्यंत आला आणि शेवटचा डाव गेला. त्याला ते पद कधीच मिळालं नाही. 2011 मध्ये जिब्राल्टरला, ऐंशीच्या उंबरठ्यावर असताना, त्याने अठरा वर्षांच्या कारुआनाला हरवलं. तो डाव मिळवून खेळून पाहा. मला तो पाहताना अजून गहिवरून येतं.

आता कामाचं. या आठवड्यात इंजिन, म्हणजे चाली तपासणारा संगणक प्रोग्रॅम, लावू नकोस. स्कोअरशीटची एक प्रत काढ आणि पन्नासाव्या चालीपासून पुढे प्रत्येक चालीशेजारी त्या वेळी मनात काय होतं ते पेन्सिलीने लिही, खरं खरं. एकसष्टाव्या चालीशेजारी सर्वांत जास्त लिही.

रविवारी येताना घड्याळ घेऊन ये. पट मी मांडून ठेवतो : प्यादं पाचव्या रांगेवर, तुझा हत्ती सहाव्या. तू काळ्यांकडून, चालीमागे तीस सेकंद. मी प्रत्येक वेळी वेगळ्या वाटेने येईन, आणि वीस डाव होईपर्यंत आपण उठायचं नाही.

तुझे सर