बागुलबुवा कोणाला म्हणावं?

चाळीसगावहून विचारणा आहे: ‘बिबट्याचा बागुलबुवा’ ही बातमीतली शब्दयोजना बरोबर आहे का, आणि बागुलबुवा व हाऊ एकच का?

साफ चूक. बागुलबुवा म्हणजे नसलेलं भय, मोठ्यांनी उभं केलेलं. 2017 साली त्याच चाळीसगाव तालुक्यात नरभक्षक बिबट्यानं माणसं मारली. त्याला बागुलबुवा म्हणणं म्हणजे मेलेल्यांना खोटं पाडणं. तरी दुष्काळाचा, डेंग्यूचा ‘बागुलबुवा’ रोज कानावर येतोच!

आता बागुल आला कुठून? वाघापासून, असं ठासून सांगणारे पुष्कळ. मला ते मुळीच पटत नाही. मराठीनं वाघाचा वाघोबा केला, वाघ्या केला, वाघबारस केली. ‘व’ आणि ‘घ’ कुठेही सोडले नाहीत. मग इथेच का सोडावेत? माझ्या मते बागुल म्हणजे बागलाणचे राजे. मुल्हेर-साल्हेरचं हे बागुल घराणं खानदेशाला अगदी लागून. 1638 मध्ये औरंगजेबानं ते राज्य मोगलाईत घेतलं. शेजारची फौज लेकरांच्या झोपेत शिरते, याला भक्कम दाखला आहे. 1740 च्या दशकात नागपूरकर भोसल्यांच्या स्वाऱ्या बंगालवर गेल्या आणि तिथल्या अंगाईत आपले बारगीर ‘बर्गी’ होऊन बसले, ते आजतागायत. मग बागलाणच्या घोडेस्वारांनी खानदेशात तेच का केलं नसावं? वाघवाल्यांनी आधी याचं उत्तर द्यावं.

खरी करामत मात्र ‘बुवा’ची. ज्याला भ्यायचं त्याला मान द्यायचा, म्हणजे तो घरातला होतो. वाघोबा तसाच. साथीच्या रोगालाही आपण ‘देवी’ म्हटलं, पण तिची धास्ती खरी होती, म्हणून तिच्याशी खेळ नाही. बुवाशी खेळता येतं, कारण त्याला बोलावणारी आजीच असते. 1970 च्या दशकात अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी तान्ह्यांपुढे मुखवटा आणून पाहिला. आईनं घातला तेव्हा बाळं हसली, परक्यानं घातला तेव्हा बिचकली, रडली. मुखवटा सारखाच! दाराआडून ‘भॉक’ करणाऱ्या प्रत्येक मायला हे ठाऊक आहे.

हाऊचं राहिलं. काम तेच, पण शब्द वेगळा. तोंड वासून काढलेल्या आवाजातून आलेला. अहिराणीत मात्र ‘हाऊ’ म्हणजे ‘हा’. त्यामुळे अंधारात ‘हाऊ कोन शे?’ असं खानदेशी पोरानं विचारलं, तर त्यात दोन्ही हाऊ येतात. प्रमाण मराठीत ही गंमत नाही.