आईला मुंबईला आणू का?

गणपती आटोपून चाकरमानी परतले की माझ्याकडे एकच प्रश्न येऊ लागतो: "आई गावी एकटी असते, हल्ली उदास वाटते. तिला इकडे आणू का?" २०११च्या जनगणनेत रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या दोन्ही जिल्ह्यांची लोकसंख्या २००१पेक्षा घटलेली होती. कुलपं लागलेल्या वाडीत संध्याकाळ कशी जाते, हे मात्र तिथं राहणाऱ्यालाच ठाऊक.

डोंबिवलीचा एक मुलगा आला (ओळखीच्या खुणा बदलल्या आहेत). आई सावंतवाडीकडच्या आडगावात. दिवेलागणीला तिची छाती धडधडे. ईसीजी, रक्त, सगळं ठीक. भात एकवेळच शिजे, टीव्ही रात्रभर चालू.

"रोज दोनदा फोन करतो, मॅडम. अजून काय करू?"

आईंशी फोनवर बोलत राहिले. "बरां आसा"च्या पुढे गाडी सरकेना. एकदा सहज विचारलं, "मुलाचं कसं चाललंय?"

बराच वेळ आवाज नाही. मग म्हणाल्या, "माका काय म्हायत? सगळे इचारतत, जेवलंस काय, गोळी घेतलंस काय. आपलां कोण काय सांगणा नाय."

मुलाची नोकरी गेली होती. आईला ताण नको म्हणून सगळ्यांनी लपवलं होतं. तिची काळजी घेता घेता तिला घराबाहेरच काढलं होतं! रॉबर्ट वाइस या समाजशास्त्रज्ञानं १९७४मध्ये नात्यांवर लिहिताना म्हटलं होतं, की नात्यांतून आधार मिळावा लागतो, तसं आपण कुणाच्या उपयोगी आहोत हेही जाणवावं लागतं. माझा कल पहिल्यापासून याच विचाराकडे. छंद लावा, भजनाला पाठवा, हे सल्ले मी नंतर देते.

मुलानं त्याच आठवड्यात खरं सांगितलं. आई आधी रागावल्या, "आदी सांगूक काय झालां होतां?" मग १९८२च्या गिरणी संपात नवरा घरी बसला तेव्हा चूल कशी चालवली, ते तासभर सांगत राहिल्या. धडधड पुरती गेली नाही, पण कमी झाली. मुंबईला आल्या त्याही पंधरा दिवसांपुरत्या, भातलावणीआधी परत. हे मी माझ्या कामाचं यशच मानते.

तेव्हा आणायची घाई नको. फ्लॅटच्या बंद दारामागेही एकटेपणा असतोच. आधी फोनवरचं बोलणं बदला. स्वतःची अडचण सांगा, सल्ला विचारा, पण खोटाखोटा नको. त्यांना लगेच कळतं. मात्र जेवणझोप दोन आठवडे बिघडलेली असेल किंवा "आता जगून काय" असं तोंडी आलं, तर डॉक्टरांना गाठा. 'टेली-मानस' या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर मोफत आहे, रात्रीही लागतो आणि मराठीत बोलता येतं.