“पप्पांना सांगू नको हं, आई”

जानेवारीतल्या गड्ड्याच्या यात्रेच्या आधी जुळे सोलापुरातल्या एक बाई माझ्याकडे समुपदेशनासाठी आल्या होत्या. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.) नवरा एकेकाळचा चांगला फुटबॉलपटू, दीरही खेळलेले, आता तेरा वर्षांचा मुलगा. जेवायला बसलं की विषय एकच.

“फुटबॉलपटू सुनील छेत्रीची आई स्वतः नेपाळच्या संघातून खेळलेली, असं हे सारखं सांगतात. मला तर ऑफसाइडसुद्धा कळत नाही, मॅडम. माझं काय चालणार?”

खरी अडचण पुढे होती. दोन्ही हातांनी कठडा धरून पोरगं एकेक पायरी उतरायलंय, हे त्यांनीच हेरलं होतं. एरवी तो शेवटच्या तीन पायऱ्या उडी मारून यायचा. विचारल्यावर म्हणाला, गुडघा दुखतो, पण पप्पांना सांगू नको. पप्पांना वाटत होतं, हल्ली तो कामचुकारपणा करतो. सांगावं तर मुलाचा विश्वास जातो, न सांगावं तर दुखणं वाढतं.

हा पेच माझ्याकडे वरचेवर येतो, खेळाच्या घरांतून तर फारच. माझं मत पक्कं आहे: शरीराचं दुखणं हे गुपित ठेवायची गोष्ट नाही. पण मुलाच्या पाठीमागे सांगणंही नको. “मी सांगणार आहे. तू बोलतोस की मी बोलू? मी शेजारीच बसते,” एवढं त्याला आधी म्हणा, असं सुचवलं.

आणखी एक विचारलं: मॅच हरून आल्यावर तो आधी कुणाकडे येतो? “माझ्याकडंच की. मी स्कोअर विचारत नाही, ताट वाढते.” यांना खेळ कळत नाही, म्हणूनच पोराला तिथे परीक्षा वाटत नाही. ते तसंच राहू द्या म्हटलं. नियम शिकायला जाऊ नका. मात्र बाप-लेकाचे निरोप इकडून तिकडे पोचवायचं काम बंद करा. घरात शांतता राहते खरी, पण त्या दोघांना एकमेकांशी बोलायची सवयच लागत नाही.

मुलगा स्वतः बोलला. हाडांच्या डॉक्टरांनी वाढीच्या वयातलं दुखणं सांगितलं: मांडीच्या स्नायूचा ताण गुडघ्याच्या वाटीखाली नडगीच्या हाडावर येतो, पळण्या-उड्यांच्या खेळात ते सर्रास दिसतं. काही आठवडे सराव कमी. वडील चिडले, “आमच्या वेळी असलं काही नव्हतं” वगैरे. तेव्हा बाई पहिल्यांदाच आडव्या आल्या: “मॅचचं बोलणं उद्या सकाळी. आज त्याला जेवू द्या.”

वडील नंतर एकदा भेटून गेले. गाडीवरून घरी येताना मॅचची चिरफाड अजून सुरू होते म्हणे, फक्त आता मुलगाच सांगतो, “उद्या बोलू, पप्पा.” हे त्यांनी तक्रार म्हणून सांगितलं.